दिल्लीची गाडी, चिमूरचा रस्ता. अन् आरसीवर नाव कोणाचं?

राजेहो, पोस्ट थोडी लांब आहे. पण ज्यांच्या घरी जुनी मोठी डिझेल गाडी आहे किंवा घ्यायचा विचार सुरू आहे, त्यांनी पूर्ण वाचा. आणि ज्यांच्याकडे सायकलसुद्धा नाही त्यांनी तर नक्कीच वाचा, कारण रस्त्यावर पायी चालणारा तोच आहे.

चिमूर, भिसी, नेरी, शंकरपूर, खडसंगी... कुठल्याही चौकात अर्धा तास उभं राहा. फॉर्च्युनर, एन्डेव्हर, पजेरो, मधूनच एखादी ऑडी किंवा बीएमडब्ल्यू जाते. लग्नसराईत आणि घोडा यात्रेच्या दिवसांत तर विचारूच नका. आता पाट्या वाचा. एमएच ३४ असते, एमएच ३१ असते, आणि त्यांच्यामध्ये डीएल, एचआर, यूपी पण दिसतात. या गाड्या ताडोब्याच्या पर्यटकांच्याच असतात असं नाही. बऱ्याच आपल्याच माणसांच्या आहेत. दोन-दोन, तीन-तीन वर्षं इथंच फिरतात, पाटी मात्र दिल्लीची.

या गाड्या येतात कुठून? २०१५ साली राष्ट्रीय हरित लवादाने दिल्ली आणि आसपासच्या भागात दहा वर्षांवरच्या डिझेल गाड्या रस्त्यावर आणायला मनाई केली. ऑक्टोबर २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही तेच धरलं. डिझेलला दहा वर्षं, पेट्रोलला पंधरा. १ जुलै २०२५ पासून तर अशा गाड्यांना पंपावर तेलच देऊ नका असा आदेश निघाला. बोंबाबोंब झाली, काही दिवसांतच तो थांबवावा लागला. ऑगस्ट २०२५ मध्ये न्यायालयाने मालकांवर सक्तीची कारवाई करू नका असं सांगितलं, आणि डिसेंबरमध्ये ती सवलत बीएस-४ आणि त्यापुढच्या गाड्यांपुरतीच ठेवली. आज बंद, उद्या सुरू, परवा पुन्हा बंद. या भानगडीला कंटाळून दिल्लीचा माणूस चाळीस लाखांची गाडी मिळेल त्या भावात काढून टाकतो. एजंट ती उचलतो आणि नऊ-दहा-बारा लाखांत गाडी आपल्यापर्यंत पोहोचते.

त्यात सप्टेंबर २०२५ मध्ये नव्या मोठ्या गाड्यांवरचा जीएसटी बदलला. आधी सेस धरून पन्नास टक्क्यांपर्यंत जायचा, तो सरळ चाळीस टक्के झाला. नवी गाडी स्वस्त झाली की जुनीचा भाव आणखी पडतो. म्हणजे घेणाऱ्याची चांदी.

घेणाऱ्याला हसायचं काही कारण नाही, हे आधीच सांगतो. मी स्वतः चार वर्षांपासून अशीच जुनी डिझेल गाडी वापरतो. आपल्या तालुक्यात सात सीटची दणकट गाडी ही निव्वळ मिरवायची वस्तू नसते. रात्री दोन वाजता गावातल्या बाळंतिणीला नागपूरला न्यायचं असलं की लोक तिच्याच मालकाचं दार वाजवतात. पावसाळ्यात रपट्यावरून पाणी वाहतं तेव्हा उंच गाडीचं मोल कळतं. कोणाचा ठेकेदारीचा धंदा आहे, कोणाची रस्त्यालगतची जमीन विकली गेली, कोणाला पुढच्या जिल्हा परिषदेला उभं राहायचं आहे. ज्याचा पैसा त्याची हौस. नव्या गाडीची ऐपत नाही म्हणून चांगली जुनी घेणं यात कमीपणा नाही. उलट धडधाकट गाडी दहाव्या वर्षी भंगारात घालण्यापेक्षा ती आणखी काही वर्षं वापरली गेली तर चांगलंच.

पण राजेहो, गाडी दहा लाखांत येते, तिचा खर्च मात्र चाळीस लाखांच्या गाडीचाच राहतो. हे कोणताच एजंट सांगत नाही. चिमूर ते नागपूर जाऊन-येऊन दोनशे किलोमीटर धरा. दहाचं ॲव्हरेज म्हणजे वीस लिटर डिझेल, अठराशे रुपयांच्या घरात. एकेक टायर पंधरा-वीस हजारांचा. इंजेक्टर किंवा टर्बो गेला तर बिल लाखाच्या भाषेत बोलतं. ऑटोमॅटिकचा गिअरबॉक्स बिघडला तर आपल्याकडचा मिस्त्री हात जोडून सांगतो, भाऊ, नागपूरला न्या. फोर्डने सप्टेंबर २०२१ मध्ये भारतात गाड्या बनवणं बंद करत असल्याचं जाहीर केलं. ऑडीने २०२० पासून इथं डिझेल विकणं सोडलं. म्हणजे आज जी डिझेल ऑडी मिळेल ती बीएस-६ च्या आधीचीच असणार. पार्ट मिळतो, पण कधी आणि केवढ्याला, हे आधी विचारून ठेवा.

एक गोष्ट खास आपल्या भागासाठी. एप्रिल २०२० नंतरच्या डिझेल गाड्यांमध्ये धुरातली काजळी अडवणारा फिल्टर असतो, त्याला डीपीएफ म्हणतात. साठलेली काजळी जाळायला गाडी थोडा वेळ सलग, बऱ्यापैकी वेगात चालावी लागते. आपली गाडी काय करते? घर ते शेत, शेत ते चौक, चौक ते कोलारा गेट. पाच-दहा किलोमीटर, तेही हळू. फिल्टर तुंबतो, डॅशबोर्डवर दिवा लागतो, आणि कोणीतरी सल्ला देतो की फिल्टर काढून टाक, पिकअप पण वाढेल. हा सल्ला बेकायदेशीर आहे. त्या गाडीचा धूर मग शाळेसमोर उभ्या असलेल्या आपल्याच पोरांच्या नाकात जातो. आठवड्यातून एकदा वरोऱ्याच्या किंवा उमरेडच्या रस्त्याने सलग अर्धा-पाऊण तास गाडी चालवा, हा त्यावरचा साधा उपाय.

आता मुद्द्यावर येतो. हे सगळं लिहायचं कारण खर्च नाही. ज्याच्या खिशाला भोक पडेल तो त्याचं बघेल. कारण आहे कागद.

आपल्याकडे गाडीचा व्यवहार कसा होतो? पाचशेच्या स्टॅम्पपेपरवर नोटरी, सही केलेले फॉर्म २९ आणि ३०, एक चावी, पेढे. झाला मालक! पण कायद्याने तो मालक झालेलाच नसतो. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५० प्रमाणे विकणाऱ्याने राज्यातल्या राज्यात चौदा दिवसांत, दुसऱ्या राज्यात विकली असेल तर पंचेचाळीस दिवसांत कळवायचं असतं. घेणाऱ्याने तीस दिवसांत अर्ज करायचा. परराज्यातली गाडी बारा महिन्यांपेक्षा जास्त इथं ठेवायची तर कलम ४७ प्रमाणे इथला नंबर घ्यायचा. त्यासाठी तिथल्या कार्यालयाचं ना-हरकत प्रमाणपत्र लागतं. किती जण हे करतात?

न करण्याचं कारण उघड आहे: टॅक्स. महाराष्ट्रात डिझेल कारला किमतीप्रमाणे तेरा ते पंधरा टक्के एकरकमी कर आहे. जुन्या गाडीला वयाप्रमाणे तो कमी होतो, तरी रक्कम मोठीच भरते. मग एजंट म्हणतो, राहू द्या ना भाऊ, कोण विचारते इथं जंगलात! आणि खरंच, कोणी विचारत नाही. अपघात होईपर्यंत.

अपघात झाला की काय होतं ते नीट समजून घ्या. फेब्रुवारी २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयासमोर असंच प्रकरण होतं. गाडी एकाकडून दुसऱ्याकडे, दुसऱ्याकडून तिसऱ्याकडे गेली, पण नाव बदललंच नाही. न्यायालयाने सांगितलं की कायद्याच्या नजरेत मालक तोच ज्याचं नाव नोंदणीत आहे, आणि भरपाईची जबाबदारीही त्याचीच. तुम्ही तुमची जुनी गाडी विकली आणि घेणाऱ्याने नाव बदललं नाही, तर उद्या त्याने कोणाला उडवलं तर नोटीस तुमच्या घरी येणार. विकणाऱ्यांनो, हे लक्षात ठेवा.

आता हीच गोष्ट उलट बाजूने बघा. मासळच्या रस्त्याने एक शेतमजूर सायकलने घरी चालला आहे. दिल्लीच्या पाटीची गाडी त्याला उडवते. विमा चालू असेल तर नाव बदललं नसलं तरी तिऱ्हाइताचा विमा गाडीसोबत राहतो, त्याच्या घरच्यांना काहीतरी मिळू शकतं. पण विमा संपलेला असेल तर? नोटिशी जुन्या मालकाच्या नावाने जातात. मग निकालाचा कागद दिल्लीतल्या माणसाच्या नावावर निघतो. त्या मजुराची बायको त्याला रोहिणीत शोधायला जाणार की द्वारकेत? गाडी चालवणारा मात्र म्हणतो, गाडी माझ्या नावावर नाहीच.

आणि हा तिऱ्हाइताचा विमा केवढ्याचा? पंधराशे सीसीवरच्या खासगी गाडीला जून २०२२ च्या दराने वर्षाला ७,८९७ रुपये, वर जीएसटी. म्हणजे दोन टाक्या डिझेलसुद्धा नाही. दहा-बारा लाखांची गाडी, वीस हजारांचा बंपर, पन्नास हजारांचं म्युझिक, आणि विम्याला पैसा नाही! विमा नसल्याचा पहिला दंड दोन हजार रुपये. तुरुंगाचीही तरतूद आहे, पण तुरुंगात गेलेला आपण कोणी पाहिलेला नाही. दंड विम्यापेक्षा स्वस्त असेल तर लोक काय निवडतील ते सांगायला ज्योतिषी नको.

घेणाऱ्याचं स्वतःचंही यात नुकसान आहे. स्वतःच्या गाडीच्या नुकसानीचा विमा नव्या मालकाकडे आपोआप येत नाही. तो नावावर करून घ्यावा लागतो. गाडी झाडावर आदळली, चोरीला गेली, आणि पॉलिसी जुन्याच्या नावावर असेल, तर कंपनी हात वर करते.

दुसरा मुद्दा हवेचा. दिल्लीने आपली हवा वाचवायला गाडी हाकलली, ठीक. पण ती आली कुठं? चंद्रपूर जिल्ह्यात. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने २००९ साली देशातल्या अतिप्रदूषित औद्योगिक क्षेत्रांची यादी काढली, तिच्यात चंद्रपूर चौथं होतं. कोळसा आमचा, वीज आमची, राख आमची, आता धूरही आमचाच. चिमूरची हवा चंद्रपूर शहरासारखी नाही, आणि दहा-वीस गाड्यांनी इथं दिल्ली होणार नाही, हे मान्य. पण नियम वयाचा असावा की तब्येतीचा, हा प्रश्न तरी विचाराल की नाही? नीट ठेवलेली बारा वर्षांची गाडी एखाद्या फिल्टर काढलेल्या चार वर्षांच्या गाडीपेक्षा कमी धूर सोडू शकते. आणि आपली पीयूसी बघते काय? डिझेल गाडीचा फक्त धूर किती काळा ते. नायट्रोजन ऑक्साइड तिथं मोजलाच जात नाही, फिल्टर जागेवर आहे का हेही कोणी वाकून बघत नाही.

कोणी म्हणेल, भाऊ, नाव बदलायला चंद्रपूरला चकरा मारायच्या, जाऊन-येऊन दोनशे किलोमीटर, दिवसाची मजुरी बुडवायची, वर एजंटचं कमिशन. हा आक्षेप शंभर टक्के खरा आहे. बरंच काम ऑनलाइन झालं असलं तरी परराज्यातली गाडी तपासणीला न्यावीच लागते. चिमूर जिल्हा झाला पाहिजे ही आपली मागणी जुनी आहे. तो होईल तेव्हा होईल. तोपर्यंत एवढं तरी मागू या:

१) परिवहन कार्यालयाचं चिमूरचं शिबिर लायसन्सपुरतं नको. मालकी बदल आणि परराज्यातल्या गाड्यांची तपासणीही त्याच दिवशी इथं व्हावी.

२) परराज्यातल्या जुन्या गाड्यांचा कर भरायला हप्ते द्यावेत. एकदम लाखभर मागितले तर माणूस लपतो, हप्त्याने मागितले तर भरतो. शासनाला आज शून्य मिळतं आहे.

३) जुन्या गाड्यांचा धंदा करणाऱ्यांना एप्रिल २०२३ पासून नोंदणीचं अधिकारपत्र घ्यावं लागतं, आणि गाडी त्यांच्या ताब्यात आली की ऑनलाइन कळवावं लागतं. आपल्या भागात किती एजंटांकडे ते आहे, हे कार्यालयाने जाहीर करावं.

४) पोलिसांनी फक्त दुचाकीवाल्या पोरांना अडवू नये. मोठ्या गाडीची काच खाली करून विमा आणि आरसी मागायची हिंमत दाखवावी.

५) सगळ्या पक्षांच्या पुढाऱ्यांना विनंती: पुढच्या प्रचाराच्या ताफ्यात विमा नसलेली, दुसऱ्याच्या नावाची एकही गाडी नको. लोकांचे कायदे करायला निघालेल्या माणसाने आधी गाडीचा कागद दाखवावा.

आणि घेणाऱ्यांनो, पैसे देण्याआधी परिवहनच्या पोर्टलवर नंबर टाका. कर्जाचा बोजा आहे का, विमा कधीपर्यंत आहे, चलान किती थकलंय, तिथं दिसतं. बोजा असेल तर फॉर्म ३५ आणि बँकेचं पत्र घेतल्याशिवाय व्यवहार करू नका. सर्व्हिसचा जुना हिशोब मागा, म्हणजे मीटर मागे फिरवला असेल तर उघडा पडेल. नोंदणीला पंधरा वर्षं होत आली असतील तर नूतनीकरणाचा खर्चही धरा. साध्या कारला त्याची फी पाच हजार आहे, वीस वर्षांवर दहा हजार. बाहेरून आयात केलेल्या गाडीला चाळीस आणि ऐंशी हजार. आणि शेवटचे पन्नास हजार हातात राखून ठेवा, नाव बदलल्यावरच द्या. एवढी एक अट घातली की एजंटला चंद्रपूरचा रस्ता आपोआप सापडतो.

गाडी मोठी घ्या, बिनधास्त घ्या. पण जी चावी तुमच्या खिशात आहे, ती गाडी तुमच्या नावावर असू द्या. तुमच्या गाडीखाली कोणी आलं तर त्याच्या घरच्यांना दार वाजवायला एक पत्ता तरी पाहिजे.

पटलं तर पुढे पाठवा. नाही पटलं तर खाली लिहा, बोलू.