भंगारात घालण्यापूर्वी

नाहूरहून लोकलने दादरकडे निघाले की वाटेत कुर्ला लागते. तिथे १९४७ साली वालचंद हिराचंद यांच्या प्रीमियर कारखान्यात डॉज, प्लिमथ या अमेरिकी मोटारींची जुळणी सुरू झाली. हे शेठ मूळचे सोलापूरचे. इंदापूर तालुक्यातले वालचंदनगर त्यांच्याच नावाचे.

जुन्या मोटारी जिवापाड जपणारे हौशी लोक मुंबईत आजही आहेत. वर्षानुवर्षे उभ्या गाडीचे इंजिन ते एकदम सुरू करीत नाहीत. प्लग काढून सिलिंडरमध्ये थोडे तेल सोडतात, रात्रभर मुरू देतात, मग हाताने हळूहळू फिरवतात. घाई केली तर चिकटलेली रिंग तुटते.

तुमच्याही गोठ्यामागे वडिलांनी घेतलेले डिझेल इंजिन गंजत असेल. त्याला प्लग नसतो; मिस्त्रीकडून नोझल काढून घ्या आणि तेल सोडा. भंगारवाल्याला हाक मारण्याआधी एवढे जरूर करून पाहा.