वादळ ‘कमजोर’ झाले, पाऊस मात्र प्रवराकाठी

अहिल्यानगर (पूर्वीचे अहमदनगर) जिल्ह्याच्या राहाता तालुक्यातील कोल्हार हे प्रवराकाठचे गाव अरबी समुद्रापासून सुमारे पावणेदोनशे किलोमीटर आत आहे. मध्ये सह्याद्रीची भिंत, आणि सारा परिसर पर्जन्यछायेतला. चक्रीवादळ हा कोकणाचा विषय, असे येथे मानले गेले तर त्यात नवल नाही. गेल्या दीड दशकात मात्र समुद्रातील घडामोडींचा हिशेब प्रवराकाठच्या शेतीलाही मांडावा लागत आहे.

३ जून २०२० रोजी ‘निसर्ग’ चक्रीवादळाने रायगडच्या किनाऱ्यावर धडक दिली, तेव्हा वाऱ्याचा वेग ताशी सुमारे ११० किलोमीटर होता. ईशान्येकडे सरकत ते उत्तर मध्य महाराष्ट्रावर आले, तोवर त्याचे अतितीव्र कमी दाबाचे क्षेत्र झाले होते. ‘वादळ कमजोर झाले’ ही बातमी मुंबईला दिलासा देणारी होती. चाळीत उन्हाळी कांदा साठवून बसलेल्या शेतकऱ्याची चिंता त्या बातमीने कमी होत नाही, कारण चक्रीवादळांची प्रतवारी वाऱ्याच्या वेगावर ठरते, पावसावर नव्हे. ताशी ६२ किलोमीटरखाली वेग आला की वादळ ‘चक्रीवादळ’ राहत नाही, पण समुद्रावरून आणलेली वाफ त्याच्याबरोबरच असते.

ही वाफ वाढते आहे काय, हा शास्त्रज्ञांपुढील प्रश्न आहे. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेतील मेधा देशपांडे, रॉक्सी मॅथ्यू कोल आणि सहकाऱ्यांनी २०२१ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात १९८२ ते २००० आणि २००१ ते २०१९ या दोन कालखंडांची तुलना केली. अरबी समुद्रातील चक्रीवादळांची संख्या ५२ टक्क्यांनी वाढली, बंगालच्या उपसागरात ती ८ टक्क्यांनी घटली आणि अरबी समुद्रातील वादळांचा एकूण कालावधी ८० टक्क्यांनी वाढला, असे त्यात दिसून आले. तापलेले समुद्रपृष्ठ वादळाला इंधन पुरवते आणि तापमान एक अंशाने वाढले की हवेची बाष्प धरण्याची क्षमता सुमारे ७ टक्क्यांनी वाढते, हे भौतिकशास्त्र वादातीत आहे.

टक्केवारी मात्र जपून वाचली पाहिजे. अरबी समुद्रात वर्षाला एक-दोन वादळे, क्वचित २०१९ सारखी पाच. एवढ्या लहान संख्येत एखाद्या वर्षानेही टक्का हलतो. अटलांटिकमधील वादळांत शिरून अमेरिकेची विमाने दशकानुदशके मोजमापे घेत आली आहेत. अरबी समुद्राची भिस्त मुख्यत्वे उपग्रहांवर असून विश्वासार्ह नोंदी चार दशकांच्याच आहेत. कारणांबाबतही एकमत नाही. २०११ मध्ये ‘नेचर’मध्ये आलेल्या एका शोधनिबंधाने काजळी व धूलिकणांच्या प्रदूषणामुळे वाऱ्यांची रचना बदलून या समुद्रातील वादळे तीव्र होत असल्याचे मांडले, त्यावर आक्षेपही घेतले गेले. समुद्र तापल्याचे सर्वांना मान्य आहे; प्रत्येक वादळ तापमानवाढीच्या खात्यावर टाकायला मात्र जबाबदार शास्त्रज्ञ तयार नाहीत, आणि ते योग्यच आहे.

कोल्हारसारख्या गावांचा खरा पेच शरद ऋतूत पडतो. ऑक्टोबर २०१९ अखेरीस ‘क्यार’ हे महाचक्रीवादळ अरबी समुद्रात घोंगावले आणि किनाऱ्याला न भिडताच विरले. पाठोपाठ ‘महा’ आले. त्याच दिवसांत राज्यभर अवेळी पाऊस झाला, कापणीला आलेले सोयाबीन आणि बाजरी भिजली, कांद्याची रोपे वाफ्यातच सडली. त्या पावसातला किती भाग वादळांचा आणि किती लांबलेल्या पावसाळ्याचा, हे वेगळे काढणे शास्त्राला कठीण आहे. शेतकऱ्याला तो फरक करण्याचे कारण नव्हते. सरकारी नियमांना मात्र असतो.

केंद्राच्या आपत्तींच्या यादीत चक्रीवादळ आहे, अवेळी पाऊस नाही. तो राज्याने आपल्या अधिकारात यादीत घेतला असून अशा स्थानिक आपत्तींवर आपत्ती प्रतिसाद निधीचा दहा टक्क्यांपर्यंतच भाग खर्चता येतो. नोव्हेंबर २०१९ मध्ये, राष्ट्रपती राजवटीत, राज्यपालांनी खरीप पिकांसाठी हेक्टरी ८ हजार रुपये आणि फळबागांसाठी १८ हजार रुपये, तेही दोन हेक्टरच्या मर्यादेत, जाहीर केले. डाळिंबाच्या एका हंगामाचा औषधफवारणीचा खर्च ज्याला ठाऊक आहे, त्याला या आकड्याचे मोल सांगावे लागत नाही.

वादळाच्या मार्गाचा अंदाज आता चार-पाच दिवस आधी बऱ्यापैकी अचूक मिळतो. किनाऱ्यावरील माणसे त्यामुळे वाचतात, हे मोठेच यश आहे. परंतु किनारा ओलांडल्यावर घाटमाथ्यापलीकडे कोणत्या मंडळात किती पाऊस पडेल, हे सांगणे अजून तितके साधलेले नाही. सोयाबीन आज कापून गंजी झाकायची की दोन दिवस उभेच ठेवायचे, हा प्रवराकाठचा प्रश्न त्या दुसऱ्या अंदाजावर अडलेला आहे.