सोबती आपला, जबाबदारीही आपली

खेळ म्हटला की घरातील मोठ्या माणसांच्या कपाळाला आठ्या पडतात. त्यातून तो संगणकावरचा असेल तर विचारायलाच नको. मुलगा कानाला हेडफोन लावून बसलेला असतो आणि मध्येच ओरडतो, "अरे, तुझं अस्वल आवर!" आई विचारते, "कसलं अस्वल रे बाबा?" उत्तर मिळत नाही, कारण तिकडे लढाई चालू असते.

वाचकहो, आज हे अस्वल काय प्रकरण आहे ते समजून घेऊ. मुलांना ओरडण्याआधी ती कशात गुंतली आहेत हे माहीत असलेले बरे. आणि ज्या मुलामुलींना हा खेळ येतो, त्यांनाही दोन गोष्टी सांगायच्या आहेत.

'वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट' हा खेळ अमेरिकेतील ब्लिझार्ड कंपनीने नोव्हेंबर २००४ मध्ये बाजारात आणला. इंटरनेटवरून हजारो माणसे एकाच वेळी एकाच काल्पनिक जगात वावरतात. प्रत्येकाने एक भूमिका घ्यायची. कोणी योद्धा, कोणी जादूगार, कोणी जखमा बऱ्या करणारा. त्यातली एक भूमिका हंटरची, म्हणजे शिकाऱ्याची. हा शिकारी रानातले जनावर माणसाळवून सोबत बाळगतो. लांडगा, अस्वल, रानडुक्कर, कासव, वाघासारखी मोठी मांजरे, असे कितीतरी प्रकार आहेत. जुन्या खेळात हे जनावर फुकटात हाती लागत नाही. ते अंगावर धावून येत असताना पूर्ण २० सेकंद मार खात एका जागी उभे राहावे लागते, तेव्हा कुठे ते आपले होते.

जनावर मिळवले की खरा प्रश्न सुरू होतो. ते कधी पुढे करायचे आणि कधी मागे ठेवायचे?

शिकारी एकटा हिंडत असेल तर उत्तर सोपे आहे. जनावर सोबत हवेच. शिकाऱ्याचे बळ धनुष्यात किंवा बंदुकीत, म्हणजे लांबून मारण्यात. शत्रू अंगाशी भिडला की तो लंगडा पडतो. म्हणून आधी जनावराला पुढे धाडायचे. ते गुरगुरून शत्रूचे लक्ष स्वतःकडे ओढून घेते. दोन-चार सेकंद थांबून मग आपण बाण सोडायचे. घाई केली तर शत्रू जनावराला सोडून आपल्याकडे वळतो. लढाई चालू असताना एक डोळा शत्रूवर आणि एक जनावराच्या प्रकृतीवर ठेवायचा. त्याच्यावर उपचार करण्याची विद्या शिकाऱ्याला दिलेली आहे, ती वेळेवर वापरायची. जनावर मेल्यावर त्याला पुन्हा उठवण्यात वेळ जातो आणि तेवढ्यात आपला निकाल लागतो.

जुन्या खेळात जनावराला खाऊही घालावे लागते. पोट भरलेले, खूश असलेले जनावर १२५ टक्के ताकदीने मारते. नाराज असलेले ७५ टक्क्यांवर येते. नव्या खेळात २०११ पासून ही अट राहिली नाही. पण ऑगस्ट २०१९ मध्ये कंपनीने जुन्या धर्तीचा खेळ 'क्लासिक' या नावाने पुन्हा सुरू केला, त्यात ती आहे. ज्याच्याकडून काम घ्यायचे त्याला उपाशी ठेवून चालत नाही, हा हिशेब कामकरी माणसाला वेगळा समजावून सांगायला नको.

एकट्याचा मामला इथे संपला. पाच जणांचा गट करून भुयारात उतरले की सगळे नियम बदलतात. गटात एक जण 'टँक' असतो. तो पुढे राहून सर्व मार अंगावर घेतो. एक जण 'हीलर', म्हणजे उपचार करणारा. उरलेले तिघे मारणारे. शिकारी या तिघांपैकी. एकट्याच्या लढाईत जनावराचे गुरगुरणे प्राण वाचवणारे होते. तेच गुरगुरणे इथे घात करते. टँकने मोठ्या कष्टाने राक्षसाला एका जागी धरून ठेवलेले असते. आपले अस्वल गुरगुरले की राक्षस तोंड फिरवतो, त्याचा फटका भलत्यावरच बसतो, हीलरचा गोंधळ उडतो आणि पाचही जण आडवे होतात. म्हणून भुयाराच्या दारातच गुरगुरण्याच्या खुणेवर उजवी कळ दाबून ते आपोआप होणे बंद करावे. अपवाद एकच. टँक मध्येच पडला तर गुरगुरणे पुन्हा चालू करावे. जनावराने थोडा वेळ जरी शत्रू धरून ठेवला तरी बाकीच्यांचा जीव वाचू शकतो.

कधी एखाद्या शत्रूला बर्फाच्या सापळ्यात अडकवून बाजूला ठेवलेले असते. त्याला धक्का लागला की सापळा तुटतो. जनावराला हे कळत नाही. ते समोर दिसेल त्याचा चावा घेते. अशा वेळी त्याला 'पॅसिव्ह' म्हणजे गप्प राहण्याच्या आज्ञेवर ठेवावे आणि आपण सांगू त्याच्यावरच सोडावे. जुन्या खेळात 'आक्रमक' अशीही एक आज्ञा आहे. त्यात जनावर जवळ येणाऱ्या कोणाच्याही अंगावर स्वतःहून जाते. गटात असताना त्या आज्ञेला हातसुद्धा लावू नये.

सर्वांत जास्त शिव्या मात्र शिकाऱ्याने उडीपायी खाल्ल्या आहेत. वरून खाली उडी मारून वाट तोडायची असे गटाचे ठरते. पाचही जण उडी मारतात. जनावर उडी मारत नाही. ते मालकाला गाठण्यासाठी लांबच्या वाटेने धावत सुटते आणि वाटेत जेवढे शत्रू असतील तेवढ्यांची वरात मागे घेऊन येते. पुढे काय होते ते सांगायला नको. म्हणून उडीपूर्वी जनावराला 'डिसमिस' करावे, म्हणजे परत पाठवावे, आणि खाली पोचल्यावर पुन्हा बोलवावे. याला काही सेकंद लागतात. गटाला "जरा थांबा" म्हणायची लाज वाटू नये. त्या काही सेकंदांच्या आळसापायी चार माणसांची संध्याकाळ वाया जाते. ती माणसेही दिवसभर काम करून, घटकाभर विरंगुळा म्हणून आलेली असतात.

जनावराला परत पाठवले की जबाबदारी संपली, असेही समजू नये. सप्टेंबर २००५ मध्ये या खेळात जे घडले ते पुढे डॉक्टरांच्या मासिकात छापून आले. झुल'गुरुब नावाच्या ठिकाणी हक्कार नावाचा बलाढ्य शत्रू होता. तो लढणाऱ्यांना रक्ताचा एक रोग लावायचा आणि तो जवळ उभ्या असलेल्यांना लागायचा. रोग त्या लढाईपुरताच राहील अशी योजना होती. पण शिकाऱ्यांच्या जनावरांनाही तो लागला. लढाईच्या मध्यात जनावराला परत पाठवले की त्याचा रोग तसाच गोठून राहायचा. पुढे शहरात आल्यावर शिकारी जनावराला बोलवायचा आणि रोग भर गर्दीत सुटायचा. ऑर्ग्रिमार आणि आयर्नफोर्ज ही गजबजलेली शहरे प्रेतांनी भरली. मुरलेले खेळाडू कसेबसे टिकले, नवखे मात्र पटापट मेले. काही जण पळून गेले. काहींनी आपणहून उपचार करायला सुरुवात केली. काहींनी गंमत म्हणून मुद्दाम रोग पसरवला. अखेर कंपनीने दुरुस्ती केली आणि जनावरांना हा रोग लागणेच बंद केले. २००७ मध्ये एरिक लॉफग्रेन आणि नीना फेफरमन या अभ्यासकांनी 'द लॅन्सेट इन्फेक्शियस डिसीजेस' या नियतकालिकात यावर लेख लिहिला. साथीत माणसे कशी वागतात हे समजण्यास अशा खेळांचा उपयोग होईल, असे त्यांचे म्हणणे होते. २०२० साली करोना आला तेव्हा या जुन्या प्रसंगाची पुन्हा चर्चा झाली. आपण सर्वांनी ते दिवस काढले आहेत. कोण पळाले, कोणी दारात भाकरी आणून ठेवली, हे आपल्या लक्षात आहे.

पहिल्यांदा ज्या शिकाऱ्यांकडून रोग शहरात आला त्यांनी दुष्टपणा केला, असे म्हणता येणार नाही. सोबत्याला काय झाले आहे आणि त्याला आपण कुठे नेतो आहोत, हे त्यांनी पाहिले नाही एवढेच. पण खेळात जनावराचे वेगळे खाते नसते. त्याने मारलेला शत्रू मालकाच्या जमेला येतो, तसे त्याने केलेले नुकसानही मालकाच्याच नावे पडते. फक्त जमेची बाजू आपली म्हणायची ही सवय खेळातही वाईट आणि बाहेरही वाईट.

पुष्कळ मुलांना वाटते की जनावर नसेल तर शिकारी अर्धाच. तसे नाही. २०१४ साली आलेल्या भागात नेमबाज शिकाऱ्याला 'लोन वुल्फ', म्हणजे एकटा लांडगा, नावाचे एक कौशल्य देण्यात आले. ते घेऊन जनावराशिवाय लढले तर त्याच्या स्वतःच्या माऱ्याची ताकद वाढायची. सोबत्याशिवाय जाणे हाही एक विचारपूर्वक घेतलेला निर्णय असू शकतो.

आता पालकांसाठी पैशाची गोष्ट. शिकाऱ्याचे लढणारे जनावर रानातूनच मिळते, त्याला वेगळे पैसे पडत नाहीत. नोव्हेंबर २००९ पासून मात्र कंपनीने खऱ्या पैशांत छोटे प्राणी विकायला सुरुवात केली. पहिले दोन प्रत्येकी १० डॉलरना होते. हे प्राणी मागे मागे चालतात आणि छान दिसतात. राक्षसाशी लढताना त्यांचा काडीचा उपयोग नसतो. तेव्हा मुलाने असा प्राणी मागितला तर एकदम नाही म्हणू नका, रागावूही नका. एवढेच विचारा, "हा कामाचा की शोभेचा?" खरे उत्तर त्याला ठाऊक असते. मग महिन्याच्या खर्चात शोभेला किती जागा आहे, हे त्याच्यासमोर कागदावर मांडा.

आणि खेळणाऱ्या मुलामुलींना शेवटची सूचना. नवे जनावर माणसाळवले की त्याच रात्री त्याला गटात नेऊ नका. दोन दिवस एकट्याने हिंडा. त्याला पुढे धाडण्याची कळ बोटांना लवकर सापडते. थांबवण्याची आणि परत बोलावण्याची कळ न बघता सापडू लागली, की मग खुशाल चार जणांच्या सोबत जा.