जुन्या टाइल्सना नवा उजाळा

स्वयंपाकघरातील ओट्यामागे सहा इंची पांढऱ्या टाइल्स असाव्यात, चाळीस वर्षांच्या फोडण्यांनी त्यांचे सांधे काळवंडावेत, आणि गृहिणीने गवंड्याला उपाय विचारावा, तर त्याचे उत्तर ठरलेले असते : "बाई, सगळे फोडून काढू."

या उत्तराची खरी किंमत काम सुरू झाल्यावर कळते. जुन्या टाइल्स सिमेंट-वाळूच्या जाड थरात बसविलेल्या असतात. छिन्नी लावताच टाइलबरोबर मागचा गिलावा उतरतो. भिंतीत गाडलेला गंजका नळ हादरतो आणि गळतीचे नवे दुखणे मागे लागते. शिवाय जी बारीक धूळ उडते तीत सिलिका असते व ती फुप्फुसांना घातक आहे. घरात दम्याचे रुग्ण किंवा तान्हे मूल असेल तर ही तोडफोड केवळ पैशाचा प्रश्न राहत नाही.

म्हणून आधी भिंतीची परीक्षा करावी. लाटण्याच्या टोकाने एकेक टाइल हलकेच ठोकून पाहावी. घट्ट बसलेली टाइल टणक आवाज देते, सुटलेली पोकळ वाजते. पोकळ टाइल्सवर पेन्सिलीने खूण करावी. अशा दोन-चार निघाल्या तर तेवढ्याच बदलाव्यात. परंतु निम्मी भिंत पोकळ वाजत असेल, किंवा भिंतीच्या पलीकडच्या बाजूस लोणा लागून पापुद्रे सुटत असतील, तर गवंड्याचे म्हणणे बरोबर समजावे. ओल आतून येत असता वरून रंग चढविणे म्हणजे रोग झाकणे होय.

भिंत निकोप असेल तर बहुतेक वेळा मळलेले असतात ते सांधे, टाइल्स नव्हेत. पांढरे सिमेंट सच्छिद्र असल्याने तेल आणि हळद त्यात मुरतात. पुष्कळजण येथे बाजारातील तीव्र अ‍ॅसिड ओततात. त्याने क्षणभर चकाकी येते खरी, पण सांध्यातील सिमेंटच झिजून पाण्याला वाट मिळते. आणि अ‍ॅसिड व ब्लीचिंग पावडर एकत्र करण्याचे तर मनातही आणू नये. त्यातून विषारी क्लोरीन वायू निघतो. धुण्याचा सोडा, गरम पाणी आणि ताठ केसांचा ब्रश यांनी तेलकटपणा काढावा. मग करवतीच्या जुन्या पात्याच्या तुकड्याने सांधे दोन-तीन मिलिमीटर खोल खरवडून, धूळ पुसून, नव्याने भरावेत. पांढरे सिमेंट भरल्यास ते दोन-तीन दिवस ओलसर ठेवावे. ओट्यामागे मात्र इपॉक्सीचे दोन भागांचे मिश्रण अधिक टिकते, कारण त्यात डाग मुरत नाहीत. ते लवकर घट्ट होते, म्हणून थोडे थोडेच कालवावे. रंग राखाडी निवडावा असे आमचे मत आहे. शुभ्र सांधे पहिल्या दिवाळीपर्यंतच शुभ्र दिसतात! एवढ्यानेच अनेक घरांची भिंत उजळते आणि पुढचे काम करावेच लागत नाही.

टाइल्सचा रंगच नकोसा झाला असेल तर टाइल्ससाठी मिळणारा दोन भागांचा इपॉक्सी रंग लावता येतो. गुळगुळीत पृष्ठभागावर रंग धरत नाही. म्हणून पाण्यात भिजवलेल्या पॉलिश पेपरने चकाकी मारावी, भिंत पूर्ण वाळू द्यावी, प्रायमर लावावा आणि वर दोन पातळ हात द्यावेत. या वेळी खिडक्या उघड्या ठेवाव्यात व गॅसचा रेग्युलेटर बंद करावा. शेगडीच्या अगदी मागे आणि सतत पाणी पडणाऱ्या जागी हा रंग फार काळ टिकत नाही. कडक उन्हात तो पिवळटही पडतो. कोकण किनाऱ्यावरील कुटुंबांनी पावसाळा टाळावा. दिल्ली किंवा डेहराडूनकडे राहणाऱ्यांनी ऐन थंडी टाळावी, कारण तापमान दहा अंशांखाली गेले की इपॉक्सी नीट घट्ट होत नाही. चिकटवायच्या छापील कागदांविषयी काय सांगावे? वाफेने त्यांच्या कडा सुटतात.

जुन्या टाइल्सवर नव्या टाइल्स बसविणेही शक्य आहे, पण साध्या सिमेंटने नव्हे. त्यासाठी टाइल अ‍ॅडेसिव्ह लागते. भारतीय मानक १५४७७ (२०१९) मध्ये त्याचे पाच प्रकार दिले आहेत. पिशवीवर जुन्या टाइलवर चालेल असे लिहिलेले आहे ना, हे वाचूनच घ्यावे. भिंत सुमारे एक सेंटिमीटर पुढे येते. तेव्हा नळ, विजेची बटणे आणि दाराची चौकट यांचा विचार आधीच करावा. भाड्याच्या घरात मालकाची लेखी संमती घ्यावी.

स्नानगृहात रंग दिला तर सुमारे सात दिवस भिंतीवर पाणी पडू देऊ नये. ज्यांच्याकडे एकच स्नानगृह आहे त्यांनी शेजाऱ्यांशी आधीच बोलून ठेवावे.