मुक्या जनावरांची बोली

धुळ्याच्या उत्तरेस, मुंबई-आग्रा महामार्गावर, किल्ल्याच्या पायथ्याशी सोनगीर हे गाव वसले आहे. खानदेशातील इतर गावांप्रमाणे येथेही शेतकरी गाईबैल बाळगतो. जनावर आजारी पडले की पशुवैद्याला बोलावणे जाते. औषध पाजले, सुई टोचली, की उपचार संपला, अशी पुष्कळांची समजूत असते. ती अपुरी आहे. जनावराच्या वागणुकीकडे लक्ष देणे हाही उपचाराचाच भाग होय. किंबहुना उपचाराचा आरंभ तेथूनच होतो.

माणूस आपले दुखणे बोलून दाखवतो. जनावर ते वागण्यातून सांगते. निरोगी गाय दिवसातील कित्येक तास रवंथ करते. तिने रवंथ करणे सोडले, वैरणीला तोंड लावले नाही, तर काहीतरी बिघडले असे जाणावे. ती पोटावर लाथा मारू लागली व तिची डावी कूस फुगली, तर पोटफुगीची शंका घेऊन तत्काळ वैद्य आणावा. २०२२ साली जळगाव जिल्ह्यात लम्पी चर्मरोगाची साथ आली. या रोगात अंगावर गाठी दिसण्यापूर्वीच जनावर तापाने मलूल होते.

हे पाहणे वैद्याचेच काम आहे, असे कोणी म्हणेल. परंतु वैद्य जनावराला घटकाभरच पाहतो. त्याच्या रोजच्या सवयी घरच्यांनाच ठाऊक असतात. रेबीज झालेल्या गुराला गिळता येत नाही व त्याची लाळ गळते. घशात काही अडकले असे समजून त्याच्या तोंडात हात घालणे जिवावर बेतू शकते. 'शांत बैल कालपासून बिथरला आहे', एवढे घरच्यांनी सांगितले, तरी वैद्य सावध होतो.

उपचाराच्या वेळीही हे ज्ञान उपयोगी पडते. गाईचे डोळे डोक्याच्या दोन्ही बाजूंस असल्याने तिला थेट पाठीमागचे दिसत नाही. मागून अवचित हात लागताच ती लाथ झाडते. ती खोड नव्हे, भीती होय. भ्यालेल्या जनावराची नाडी जलद चालते, त्यामुळे रोगाची परीक्षाही चुकू शकते. यास्तव काठी न उगारता, बाजूने, हळुवार हाक देत जवळ जावे.

पोळ्याला बैलाची शिंगे रंगवून त्याला पुरणपोळी चारतात. ही कृतज्ञता एका दिवसापुरती नसावी. सायंकाळी गुरांना पाणी दाखवताना मुलांनी क्षणभर थांबून त्यांचे खाणे, बसणे, चालणे न्याहाळले, तर एखादा मुका जीव वेळीच वाचेल.