चापेकरांच्या गावातील दुसरी झडती

22 जून 1897 च्या रात्री गणेशखिंडीच्या रस्त्यावर चिंचवडच्या दामोदर व बाळकृष्ण चापेकरांनी प्लेग अधिकारी रँड व लष्करी अधिकारी आयर्स्ट यांच्यावर गोळ्या झाडल्या, त्यामागे प्लेगच्या निमित्ताने गोऱ्या शिपायांनी पुण्यात घेतलेल्या घरझडत्यांचा संताप होता. परका शिपाई माजघरात, देवघरात शिरतो आणि घरधन्याला त्याचा जाब विचारता येत नाही, या मानहानीची स्मृती चिंचवडने चापेकरवाड्यातील स्मारकात आदराने जपली आहे, ही अभिमानाचीच गोष्ट.

परंतु त्याच सत्तेने 1871 च्या कायद्याने कित्येक जमातींना जन्मतःच गुन्हेगार ठरविले, त्याची स्मृती आपण कोठे जपली? तो कायदा पुढे मुंबई इलाख्यात येताच पारध्यांसारख्यांच्या वाट्याला पाटलाकडची हजेरी, गाव सोडावयाचे तर दाखला आणि पालाची वाटेल तेव्हा झडती हे भोग आले. रानांवर सरकारी पहारा बसून ज्यांची शिकार, म्हणजेच चरितार्थ, हिरावला गेला, त्यांनाच चोर ठरवावे, याहून घोर अन्याय मला ठाऊक नाही. 31 ऑगस्ट 1952 रोजी तो कायदा रद्द होऊन या जमाती ‘विमुक्त’ ठरल्या. पण मुंबई राज्याने 1959 साली सराईत गुन्हेगारांविषयी केलेल्या कायद्याच्या आडोशाने जुना संशय सरकारी दप्तरात टिकून राहिला, आणि विमुक्तांना मनमानीने अटक होऊ नये अशी ताकीद सर्वोच्च न्यायालयास 3 ऑक्टोबर 2024 च्या निकालात पोलिसांना द्यावी लागली.

म्हणूनच क्रांतिवीर चापेकर स्मारक समितीच्या विद्यमाने, गिरीश प्रभुणे यांच्या पुढाकाराने, चिंचवडमध्ये उभे राहिलेले पुनरुत्थान समरसता गुरुकुलम् मला स्मारकाइतकेच मोलाचे वाटते. तेथे पारधी व इतर विमुक्त मुलांना शालेय विद्येबरोबर कारागिरीही शिकविली जाते, आणि आपल्या वाडवडिलांकडे ज्ञान होते हे त्यांना प्रत्यक्ष हातांनी कळते.

मात्र एका संस्थेवर भार टाकून आपण मोकळे होऊ नये. चाकणच्या एखाद्या कारखान्यात चोरी झाली तर तपास पुराव्याच्या मागे जावा, जातीच्या मागे पालावर नव्हे. येथील पोलीस आयुक्तालयाने आपल्या नोंदवह्यांतून जातीवरून धरलेला संशय काढून टाकावा. आणि चापेकरवाड्यात येणाऱ्या विद्यार्थ्यांना रँडच्या झडत्यांबरोबर पालांच्या झडत्यांचाही इतिहास, त्या सोसलेल्यांच्या नातवंडांच्या तोंडून, ऐकावयास मिळावा.