नळीतोंड्या माशाचे नाव

भाषांतराच्या तासाला आम्ही पदवीच्या विद्यार्थ्यांस एक इंग्रजी उतारा दिला होता. उतारा प्रवाळखडकांतील जीवसृष्टीविषयीचा, वळण ललित. पण एका वाक्यात 'सॉलिनॉस्टमस' असे एक विशेषण होते. ते आम्ही मुद्दामच राहू दिले. मोठ्या इंग्रजी कोशांखेरीज जो शब्द कोठे आढळत नाही, त्याच्याशी गाठ पडली की विद्यार्थी काय करतो हे पाहावयाचे होते. बहुतेकांनी व्युत्पत्ती शोधून 'नलिकामुखी मत्स्य' असे लिहिले. काहींनी 'लांब तोंडाचा मासा' म्हणून सुटका करून घेतली. आणि भीमाकाठच्या एका गावातून येणाऱ्या एका विद्यार्थ्याने लिहिले : 'कुत्र्या मासा'.

'कुत्र्या'वर आम्ही लाल रेघ ओढली आणि 'नलिकामुखी'ला पूर्ण गुण दिले. हे करताना आमच्या मनात तिळमात्र शंका नव्हती. शंका नंतर आली, ती वह्या परत दिल्यावर. आणि आज जे लिहीत आहोत ते त्या शंकेमुळेच.

प्रथम शब्दाचा अर्थ पाहू. ग्रीक भाषेत 'सोलेन' म्हणजे नळी, पन्हळ. 'स्तोमा' म्हणजे तोंड. ज्याचे तोंड नळीसारखे तो 'सॉलिनॉस्टमस'. सागरात अशा माशांचे एक मोठे गोत्रच आहे. समुद्रघोडा त्यातला सर्वांच्या परिचयाचा. त्याचे भाऊबंद म्हणजे सडपातळ नळीमासे, कर्ण्यासारख्या लांब मुस्कटाचे मासे, पानाफुलांत मिसळून जाणारे छोटे मायावी मासे. प्राणिशास्त्रज्ञांनी या मंडळींना नावे देताना एकाच अवयवाकडे चार वेगवेगळ्या दृष्टींनी पाहिले आहे. एकाला त्यात पन्हळ दिसली, म्हणून 'सोलेनोस्टोमस'. दुसऱ्याला पावा दिसला, म्हणून 'ऑलोस्टोमस'. 'ऑलोस' हे ग्रीकांचे फुंकून वाजवायचे वाद्य. तिसऱ्याने लॅटिनमधील नळीवरून 'फिस्टुलारिया' म्हटले. चौथ्याला वाटले की जबडे एकमेकांस चिकटले आहेत, म्हणून 'सिंग्नॅथस', म्हणजे जुळलेल्या जबड्यांचा. नामकरण हे काव्यच असते असे आम्ही वर्गात सांगतो तेव्हा विद्यार्थी सौजन्याने हसतात. त्यांना यापुढे हे चार शब्द दाखवावे असा विचार आहे. गंमत अशी की पाव्यात फुंकर घालतात आणि हा मासा तर नळीतून पाणी आत ओढतो. इवल्याशा कोळंबीजवळ मुस्कट नेऊन, डोके झटक्याने वर करून, डोळ्याचे पाते लवते न लवते तोच तो तिला पाण्यासकट गिळतो. आपल्या स्वयंपाकघरातील फुंकणी आकाराने अगदी तशीच, कामाने मात्र नेमकी उलट. उपमेला आकार पुरतो. कामाची चौकशी ती करीत नाही.

आता वापराकडे वळू, कारण खरी अडचण तेथे आहे. 'सोलेनोस्टोमस' हे एका विशिष्ट प्रजातीचेही नाव आहे. फ्रेंच निसर्गशास्त्रज्ञ लासेपेद याने ते १८०३ साली दिले. वर ज्यांना मायावी मासे म्हटले ते हेच. त्यांच्यात मादी आपल्या पोटाकडील परांची पिशवी करून अंडी सांभाळते. समुद्रघोड्यांत आणि नळीमाशांत मात्र ते काम नराकडे असते. म्हणजे हा शब्द संकुचित अर्थाने त्या एका कुळापुरता आणि व्युत्पत्तीच्या व्यापक अर्थाने नळीसारखे मुस्कट असलेल्या कोणत्याही माशाला लागतो. इंग्रजी लिपीत नाम आणि विशेषण यांची शेवटची अक्षरे निराळी असल्याने वाचकाचा घोटाळा होत नाही. देवनागरीत दोन्ही सारखीच लिहिली जातात. समुद्रघोड्याला 'सोलेनोस्टोमस मासा' म्हटले, तर ते विशेषण म्हणून बरोबर आणि प्रजातीचे नाव म्हणून साफ चूक; वाचणाऱ्याने काय समजावे? त्यात पुन्हा 'सोलेनोस्टोमा' हे शेवाळासारख्या एका लहान वनस्पतीच्या प्रजातीचे नाव! 'इंग्रजी शब्द आहे तसाच घ्यावा, उगीच मराठीकरण कशाला' असे म्हणणारे विज्ञानाचे पुष्कळ अध्यापक आमचे स्नेही आहेत. त्यांचे म्हणणे एरवी आम्हांस बरेचसे पटते. येथे मात्र शब्द आहे तसा घेतल्यानेच तो आहे तसा राहात नाही. प्रजातीचे नाव जगभर एकच असावे, ते तसेच ठेवावे. विशेषणाला मात्र मराठी शब्द हवा.

तर मग 'कुत्र्या' का नको? या प्रश्नाचे उत्तर त्या विद्यार्थ्यानेच आम्हांस दिले, ते तक्रार म्हणून नव्हे, माहिती म्हणून. कुत्र्या मासा आमच्या नद्यांत असतो. पाण्याच्या पृष्ठभागालगत काडीसारखा तरंगतो, आणि त्याचे तोंड लांबच लांब असते. "पण सर, त्याला दात असतात. जाळ्यातून सोडवताना चावतो, म्हणून कुत्र्या." या एका वाक्यात सगळे शरीरशास्त्र आले. कुत्र्याचे खालचे-वरचे दोन्ही जबडेच लांब झालेले असतात. ते मुळापासून टोकापर्यंत चिमट्यासारखे उघडतात आणि आत दातांच्या रांगा असतात. नळीवाल्या माशांत जबडे चिमुकलेच राहतात. लांब होतो तो डोळा आणि तोंड यांच्यामधला कवटीचा भाग, आणि तोंड बिचारे त्या नळीच्या टोकाला जाऊन बसते. एक चिमटा, दुसरी नळी. 'लांब तोंडाचा मासा' म्हणणाऱ्यांनी हा भेद पुसून टाकला होता. त्यांना आम्ही अर्धे गुण दिले होते. कुत्र्याचे नाव ज्या कोळ्याने प्रथम ठेवले त्याने मात्र तो भेद अचूक हेरला होता. विद्यार्थ्याचे उत्तर चुकले ते एवढ्यासाठीच की तो नेमका शब्द दुसऱ्या माशाचा होता. समुद्रापासून इतक्या दूर वाढलेल्या मुलाने नळीमासा पाहिलेला नसणार. आम्ही तरी तो चित्राबाहेर कोठे पाहिला आहे?

असल्या गावठी नावांना शास्त्रात काय स्थान, असे कोणी विचारील. त्यांच्यासाठी नगर जिल्ह्यातीलच एक दाखला आहे. कर्नल विल्यम हेन्री साइक्स याने १८२४ पासून काही वर्षे मुंबई सरकारसाठी दख्खनची सांख्यिकी पाहणी केली. त्या भटकंतीत त्याने येथील नद्यांचे मासे पाहिले आणि त्यांच्यावरचा त्याचा निबंध १८४१ मध्ये लंडनच्या प्राणिशास्त्रीय संस्थेच्या ग्रंथमालेत सविस्तर प्रसिद्ध झाला. त्यातील एका माशाचे ठिकाण भीमेवरील 'पेअरगाव' असे दिले आहे. हे आमच्या श्रीगोंदे तालुक्यातील बहादूरगडाचे पेडगाव होय, असे मानावयास हरकत नसावी. आपला 'ड' इंग्रजी कानाला 'र' ऐकू येतो हे नवे नाही. साइक्सचा विशेष हा, की नव्या माशांना नावे देताना त्याने अनेक ठिकाणी ग्रीक-लॅटिनचा हव्यास न धरता काठावरच्या लोकांचे शब्दच लॅटिनच्या रांगेत बसवले. 'रोहटी' ही प्रजाती आजही त्याच नावाने ओळखली जाते. 'खुद्री', 'कोलस', 'टाकरी', 'सींगटी' ही जातिनामे जगभरच्या मत्स्यशास्त्रात चालू आहेत. शेवटच्या नावात आपले 'शिंग' स्पष्ट दिसते. पुढे १९५२ मध्ये कुलकर्णी या मत्स्यशास्त्रज्ञांनी इतर माशांचे खवले कुरतडून खाणाऱ्या एका माशाचे नाव 'खवलचोर' असे ठेवले, तेही याच परंपरेतले. जगाने हे शब्द बिनतक्रार घेतले. संकोच वाटतो तो आम्हां मराठी शिकवणाऱ्यांना.

हा संकोच कशाचा आहे ते सांगतो. 'गजानन' आणि 'हत्तीतोंड्या' हे व्याकरणाने एकच समास आहेत, दोन्ही बहुव्रीही. पहिल्याची आपण आरती करतो. दुसरा शब्द शाळेच्या मैदानावर मारामारीला कारण होतो. 'काळतोंड्या', 'नकट्या', 'टकल्या' : या प्रत्ययाला सलगीचा आणि हेटाळणीचा वास चिकटला आहे हे खरेच. म्हणून परिभाषा घडवताना आपला हात आपोआप 'मुखी', 'आनन', 'वदन' यांच्याकडे जातो. पण वास प्रत्ययाला आहे की आपल्या नाकाला, हेही तपासले पाहिजे. काठीसारख्या लांब पायांच्या पक्ष्याला आपण 'शेकाट्या' म्हणतो, त्यात कोणाचा अपमान होत नाही. 'खंड्या' किती डौलदार पक्षी आहे! मांडुळाला लोक 'दुतोंड्या' म्हणतात. ते प्राणिशास्त्राच्या दृष्टीने चूक असेल, शिवी मात्र नव्हे. मारुती चितमपल्ली यांनी 'पक्षिकोशा'त संस्कृत नावांच्या शेजारी अशी लोकांच्या तोंडची नावे मानाने बसवली, तेव्हा मराठी भाषेची पत कमी झाली असे कोणी म्हणाले नाही.

'नळीतोंड्या' हा शब्द आम्ही सुचवतो तो या बळावर. विशेषण हवे तेथे 'नळीतोंडी' म्हणावे. याला आणखी एक आधार आहे, आणि तो आम्हांस सर्वांत मोलाचा वाटतो. ग्रीक 'स्तोमा'चा अर्थ तोंडाची फट. पण या माशांत लांब झालेली गोष्ट ती फट नव्हेच, तिच्या मागचे मुस्कट होय. म्हणजे मूळ पारिभाषिक शब्दच थोडा चुकलेला आहे. मराठी 'तोंड' मात्र फट आणि चेहरा दोहोंनाही पुरते. आपण तोंड उघडतो तसे तोंड धुतोही. त्यातही हा शब्द आला कोठून? संस्कृत 'तुंड' पासून. आणि तुंड म्हणजे चोच, सोंड, पुढे आलेले मुस्कट. 'वक्रतुंड' म्हणताना आपण ते रोज उच्चारतो. 'नळी'चे कूळही 'नल'-'नलिका' हेच. तेव्हा 'नलिकातुंड' आणि 'नळीतोंड' हे दोन शब्द नसून एकाच शब्दाच्या दोन अवस्था आहेत. एक पोथीत राहिली, दुसरी माणसांत. ज्यांना संस्कृतचा मान राखावयाचा आहे त्यांचा 'नळीतोंडी'ने काहीच तोटा होत नाही. उलट 'नलिकामुखी'त फिरून 'स्तोमा'चेच शब्दशः भाषांतर आहे. ('मुख'चाही अर्थ चेहरा होतो, असे म्हणून कोणी त्याची बाजू घेईल. घ्यावी. पण मग 'तोंड'ने काय गुन्हा केला?)

याचा अर्थ प्रत्येक लॅटिन संज्ञेला देशी जोड शोधत बसावे असा नाही. 'सिंग्नॅथिफॉर्मिस' या गणनामाला आम्ही हातही लावणार नाही. शब्द घडवताना तो संस्कृत की देशी हा वाद घालण्यापूर्वी, मूळ संज्ञेने जो भेद केला आहे तो आपल्या शब्दात टिकतो की नाही, एवढेच आधी पाहावे. आणि त्यासाठी कोशाबरोबर काठावरच्या माणसालाही विचारावे.

काठावरची माणसे फार काळ सांगू शकतील असे नाही. १९८० च्या सुमारास उजनीचे धरण पूर्ण झाले, भीमेचे वाहते पाणी कित्येक कोस तटले. त्यात सोडलेले रोहू-कटला वाढले आणि तिलापिया नावाचा आफ्रिकी पाहुणा असा माजला की आता तोच जाळ्याजाळ्यांत येतो. लोकांनी त्याचे 'चिलापी' करून टाकले, कोणत्याही समितीला न विचारता. मराठी अजून शब्द पचवू शकते याचा हा ताजा पुरावा. पण जुने मासे विरळ झाले की त्यांची नावे कोणाला लागणार? आमच्या विद्यार्थ्याला 'कुत्र्या' ठाऊक होता. 'खुद्री' आणि 'टाकरी' म्हणजे कोणते मासे, असे विचारले तेव्हा तो म्हणाला, "आज्याला विचारून सांगतो."

त्याची वही आम्ही परत मागवली. 'कुत्र्या'वरची लाल रेघ खोडता येण्यासारखी नव्हती. तिच्या बाजूला 'शब्द बरोबर, मासा दुसरा' असे लिहिले. 'नलिकामुखी'ला दिलेले गुण मात्र आता कसे कापावेत हे आम्हांस कळेना. ते तसेच ठेवले आहेत.